रॉबर्ट स्कॉट, कॅथेड्रल्स आणि उंबऱ्याबाहेरची माणसं : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमच्या वाचनगटात स्कॉटची तिन्ही पुस्तकं वाचून झाली तेव्हापासून मला तेच तेच प्रश्न येतायत, कधी व्हॉट्सअ‍ॅपवर तर कधी लोकलमध्ये उभ्या उभ्या. प्रत्येकाला वेगळं टाइप करून कंटाळा आला म्हणून सगळं एका ठिकाणी लिहून ठेवतेय. जिथे उत्तर दुसऱ्या प्रश्नात आलंय तिथे फक्त नंबर दिलाय.

१. हे स्कॉट म्हणजे दक्षिण ध्रुवावर गेलेले तेच का?

नाही हो. ते कॅप्टन रॉबर्ट फाल्कन स्कॉट, १९१२ मध्ये ध्रुवावर पोचले आणि परतीच्या वाटेवर वारले. आपले रॉबर्ट ए. स्कॉट हे अमेरिकन समाजशास्त्रज्ञ, कॅलिफोर्नियात स्टॅनफर्डला वर्तणूकशास्त्रांच्या प्रगत अभ्यासाचं जे केंद्र आहे तिथे बरीच वर्षं सहसंचालक होते. आणखी एक तिसरे स्कॉट आहेत ज्यांचा मुंबईशी थेट संबंध आहे, ते शेवटच्या प्रश्नात.

२. वाचायचं काय काय आहे, आणि आधी कुठलं घेऊ?

तीन पुस्तकं. 'द मेकिंग ऑफ ब्लाइंड मेन' (१९६९), 'द गॉथिक एंटरप्राइझ' (२००३) आणि 'मिरॅकल क्युअर्स' (२०१०). पहिलं अंध माणसं आणि त्यांच्यासाठी काम करणाऱ्या संस्थांवर, दुसरं कॅथेड्रल्सवर, तिसरं संतांच्या समाध्यांवर बरं होणाऱ्या आजाऱ्यांवर.

सगळे कॅथेड्रलवाल्यापासून सुरुवात करतात कारण विषय देखणा आहे. माझं ऐकाल तर १९६९ चं आधी वाचा, जुनं आहे, थोडं रुक्ष आहे, पण ते डोक्यात असलं की बाकीची दोन वेगळीच दिसायला लागतात आणि कुठे कुठे स्कॉट स्वतःचंच जुनं म्हणणं विसरलेत की काय असंही वाटतं (ती तक्रार प्रश्न ६ मध्ये).

३. कॅथेड्रल म्हणजे मोठं चर्च, बरोबर ना?

मोठं असेलच असं नाही. जिथे बिशपची खुर्ची असते ते कॅथेड्रल, लॅटिनमध्ये 'कॅथेड्रा' म्हणजे आसन. म्हणून लंडनचं वेस्टमिन्स्टर अ‍ॅबी एवढं अवाढव्य असून कॅथेड्रल नाही, आणि मुंबईत हॉर्निमन सर्कलजवळचं सेंट थॉमस त्यामानाने लहान असून आहे. जुन्या गोव्यात गेलात की गर्दी बॉम जेझूसला असते, ते बॅसिलिका, म्हणजे पोपने खास मान दिलेलं चर्च. कॅथेड्रल म्हणजे रस्त्यापलीकडचं 'से', आणि पोर्तुगीजमधला हा 'से' शब्दही आसन या अर्थाचाच.

४. मग गोव्याचं से गॉथिक आहे का?

नाही. त्याचं बांधकाम १५६२ ला सुरू झालं, तोवर युरोपात गॉथिकची फॅशन उतरणीला लागली होती. गॉथिक म्हणजे टोकदार कमान, फासळ्यांसारख्या रेघा असलेलं छत, आणि भिंतीला बाहेरून दिलेले उडते टेकू. भार टेकूंवर गेला की भिंतीत मोठाल्या रंगीत काचा बसवता येतात. सुरुवात पॅरिसजवळ सँ-दनीला, ११४० च्या सुमाराला, सुजे नावाच्या मठाधिपतीने केली. सीएसएमटी वगैरे सगळं एकोणिसाव्या शतकातलं नव-गॉथिक.

५. समाजशास्त्रज्ञाला कॅथेड्रलचं काय एवढं पडलंय?

स्कॉट वास्तुशास्त्राचे नाहीत की मध्ययुगाचेही नाहीत, आणि ते हे लपवत नाहीत. इंग्लंडमध्ये सॉल्सबरीचं कॅथेड्रल बघून ते थक्क झाले आणि मग साधा माणूस विचारेल तेच विचारत बसले : हे बांधलं कोणी, पैसा कुठून आला, आणि मुळात कशासाठी?

सॉल्सबरीची गोष्ट आहेच तशी. आधीचं कॅथेड्रल ओल्ड सॅरमच्या टेकडीवर, किल्ल्याच्या आत. वारा सोसाट्याचा, पाण्याची बोंब, आणि किल्ल्यातल्या शिपायांशी पाद्र्यांची रोजची कटकट. शेवटी बिशप रिचर्ड पूअर यांनी खाली नदीकाठच्या कुरणात नवीन जागा घेतली आणि २८ एप्रिल १२२० ला पायाचे दगड ठेवले. १२५८ मध्ये अभिषेक, म्हणजे ३८ वर्षांत मुख्य काम झालं. हे फार भराभर बरं का, जर्मनीत कोलोनचं १२४८ ला सुरू झालं ते १८८० ला पुरं झालं! सॉल्सबरीचा मनोरा मागाहून चढवला, जमिनीपासून १२३ मीटर, ब्रिटनमधल्या चर्चच्या मनोऱ्यांत सगळ्यात उंच, आणि त्याचा भार मूळ हिशोबात धरलेलाच नव्हता. मध्ये उभं राहून वर बघितलं की खांब चक्क वाकलेले दिसतात, नुसत्या डोळ्यांना.

स्कॉटना यात जे सापडलं ते असं की दगड रचणं हा कामाचा एक भाग झाला. तीन-चार पिढ्या एकच काम पुढे रेटत राहतात, ज्याने पाया बघितला तो कळस बघणार नाही हे त्याला पक्कं माहीत असतं, तेव्हा ते कामच गावाला बांधून ठेवतं. शेवटी ते स्टोनहेंज या इतिहासपूर्व काळातल्या शिळावर्तुळाकडे वळतात, जे सॉल्सबरीपासून गाडीने वीसेक मिनिटांवर आहे, आणि म्हणतात की माणसांची ही खोड कॅथेड्रल्सच्याही फार आधीची.

६. म्हणजे सगळ्या गावाने आनंदाने, फुकटात बांधली ही कॅथेड्रल्स?

हा फोटो सगळ्यांच्या डोक्यात आहे, आणि त्याला कारणही आहे. ११४५ मध्ये फ्रान्समध्ये शार्त्रला लोकांनी, त्यात सरदार आणि बायकासुद्धा, स्वतःला गाड्यांना जुंपून दगड ओढले असं त्या काळच्या एका मठाधिपतीच्या पत्रात आहे. पण एरवी पाथरवट, सुतार, काचवाले हे सगळे मजुरीवर होते, काम संपलं की पुढच्या गावाला.

आणि पैशावरून, सत्तेवरून भांडणं? फ्रान्समध्ये लाँ गावात १११२ ला लोक बिशपवर इतके भडकले की तो तळघरात पिंपात लपला, तिथून ओढून काढून त्याला मारला आणि त्या दंगलीत लागलेल्या आगीत कॅथेड्रलही होरपळलं. त्याच गावात पुढे उभ्या राहिलेल्या नव्या कॅथेड्रलच्या मनोऱ्यांवर बैलांचे पुतळे आहेत, दगड ओढणाऱ्या जनावरांची आठवण म्हणून, मजुरांचे नाहीत. रँसमध्ये, जिथे फ्रान्सच्या राजांचा राज्याभिषेक व्हायचा, १२३३ मध्ये नागरिक आर्चबिशपविरुद्ध उठले, पाद्री गाव सोडून गेले आणि काम काही वर्षं बंद पडलं.

माझी तक्रार इथेच आहे. स्कॉटच्या पुस्तकात 'समुदाय' हा शब्द फार गोड होऊन येतो. समुदाय झाला म्हणजे कोणीतरी त्यात नाही हे ओघानेच आलं, आणि हे ज्या माणसाने १९६९ मध्ये इतकं नेमकं दाखवलं त्याने २००३ मध्ये त्यावरून एवढ्या हलक्या पावलांनी जावं याचं नवल वाटतं.

७. पण आत तर सगळ्यांना सोडत होते ना?

दारातून आत, हो. पण आत गेल्यावर किती आत, हा खरा प्रश्न.

लोक उभे राहायचे ते मधल्या लांब दालनात. मुख्य वेदी आणि पाद्र्यांची बसायची जागा पलीकडे, आणि मध्ये दगडी किंवा लाकडी आडभिंत. प्रार्थना लॅटिनमध्ये, आडोशाआड, सामान्य माणसाला घंटेवरून कळायचं की आता मुख्य विधी आला.

इंग्लंडमध्ये डरॅमला तर दालनाच्या पश्चिम टोकाकडे फरशीत काळ्या संगमरवराची एक पट्टी बसवलेली आहे, अजूनही. बायकांनी त्या पट्टीपुढे यायचं नाही. कारण सांगायचे की संत कथबर्ट यांना स्त्रिया जवळ आलेल्या खपत नाहीत, आणि कथबर्ट पार दुसऱ्या टोकाला पुरलेले! मेरीमातेच्या नावाचं प्रार्थनागृहसुद्धा त्यांच्याजवळ बांधायला घेतलं तर भिंतींना तडे गेले म्हणे, म्हणून ते पश्चिमेला, पट्टीच्या अलीकडे बांधलं. तिथली जमीन भुसभुशीत असावी हा साधा विचार मागे पडला आणि संतांची नाराजी पक्की झाली.

कुष्ठरोग्यांचं वेगळं. ११७९ मध्ये रोमला भरलेल्या लॅटरन धर्मपरिषदेने ठरवलं की ज्यांना इतरांबरोबर राहता येत नाही, चर्चमध्ये येता येत नाही, त्यांना स्वतःचं चर्च, स्वतःचा पाद्री आणि स्वतःचं कब्रस्तान असू द्यावं. वाचताना सोय वाटते. पण वेगळं कब्रस्तान म्हटल्यावर मेल्यावरही परत येणं नाही.

८. ज्यूंचा कॅथेड्रलशी काय संबंध, ते तर तिथे जातच नसतील?

जात नव्हते, पण कॅथेड्रलवर होते. फ्रान्समधल्या स्ट्रासबुर्ग कॅथेड्रलच्या दक्षिण दारापाशी दोन बायकांचे पुतळे आहेत, १२३० च्या आसपासचे (तिथे आता नकला आहेत, मूळ शेजारच्या म्युझियममध्ये). एक 'एक्लेसिया' म्हणजे ख्रिस्ती धर्म, मुकुट घातलेली, ताठ मानेने बघणारी. दुसरी 'सिनगॉगा' म्हणजे ज्यू धर्म. तिचा भाला मोडलेला, हातातून धर्माज्ञांची पाटी निसटतेय, मान वळवलेली आणि डोळ्यांवर पट्टी. इतकी सुंदर घडवलीय की बघणारा आधी हळहळतो आणि मग लक्षात येतं की ही शिवी आहे.

याच काळात, १२१५ मध्ये, चौथ्या लॅटरन परिषदेने ज्यूंनी ओळखू येईल असा वेगळा पोशाख घालावा असा नियम केला. स्ट्रासबुर्गमध्ये १४ फेब्रुवारी १३४९ ला, प्लेग ज्यूंनीच पसरवला अशा अफवांच्या काळात, शेकडो ज्यूंना जाळण्यात आलं. नंतर ज्यूंना रात्री गावात राहायची बंदी, आणि संध्याकाळी शिंग वाजायचं ते या कॅथेड्रलच्याच उंचीवरून, अगदी फ्रेंच राज्यक्रांतीपर्यंत.

इंग्लंडात लिंकनला १२५५ मध्ये ह्यू नावाचा लहान मुलगा मेलेला सापडला, आळ ज्यूंवर आला, १९ जणांना फाशी झाली आणि मुलाची समाधी कॅथेड्रलच्या आत. पुढे १२९० मध्ये इंग्लंडच्या राजाने सगळ्याच ज्यूंना देशाबाहेर काढलं. लिंकन कॅथेड्रलने १९५५ मध्ये तिथे पाटी लावली की हे आरोप खोटे होते आणि त्यापायी निरपराध माणसं मेली. सातशे वर्षं लागली एका पाटीला.

हे सगळं स्कॉटकडे शोधू नका. त्यासाठी आर. आय. मूर या ब्रिटिश इतिहासकाराचं 'द फॉर्मेशन ऑफ अ पर्सिक्युटिंग सोसायटी' (१९८७) घ्या. पाखंडी, ज्यू, कुष्ठरोगी यांचा छळ लोकांच्या आपसूक द्वेषातून आला नाही, अकराव्या-बाराव्या शतकात ज्यांच्या हातात नवी सत्ता येत होती त्या शिकलेल्या, कारभारी वर्गाने तो उभा केला, असं त्यांचं म्हणणं. त्यावर इतिहासकारांचे वादही पुष्कळ आहेत. मी स्कॉट आणि मूर शेजारी शेजारी ठेवून वाचले : एकाकडे भिंत कशी उभी राहिली ते, दुसऱ्याकडे त्या भिंतीबाहेर कोण राहिलं ते.

९. डोळ्यांवर पट्टी म्हणजे ती न्यायदेवता नाही का?

नाही, आणि ही गल्लत जवळजवळ प्रत्येकाची होते. न्यायदेवतेच्या डोळ्यांवरची पट्टी बरीच नंतरची, १४९४ च्या एका जर्मन पुस्तकातल्या चित्रात एक मूर्ख माणूस तिला ती बांधताना दिसतो, म्हणजे तिथेही सुरुवात टिंगलीनेच. नि:पक्षपातीपणाचा अर्थ मागून चिकटला. आपल्याकडे सुप्रीम कोर्टातली न्यायदेवतेची नवी मूर्ती २०२४ मध्ये चर्चेत आली, तिच्या डोळ्यांवर पट्टी नाही.

१०. 'ब्लाइंड मेन' तयार होतात म्हणजे काय? आंधळेपण काय कारखान्यात बनतं?

दिसणं कमी होणं हे शरीराचं. पण 'आंधळा माणूस' म्हणून कसं वागायचं, किती गप्प बसायचं, किती आभार मानायचे, हे माणूस शिकतो असं स्कॉट म्हणतात. गरीब स्वभाव, परावलंबन, उदासपणा, हे डोळे गेल्यामुळे आपोआप येत नाही, आजूबाजूचे लोक शिकवतात, आणि त्यातही सगळ्यात जास्त शिकवतात त्या मदतीसाठी काढलेल्या संस्था.

अमेरिकेत कायद्याने ज्यांना अंध म्हणतात त्यांच्यातल्या बहुतेकांना थोडंफार दिसतं. पण एकदा कायद्याच्या रेषेपलीकडे गेलं की संस्था त्यांना पूर्ण अंध म्हणूनच घेते. शिवाय त्यांच्यात मोठा भरणा म्हाताऱ्यांचा, आणि संस्थांना हवीत मुलं आणि कामाला लागतील असे तरुण, कारण देणगीच्या पत्रकावर तेच शोभतात. जी माणसं संस्थेत टिकतात त्यांच्याभोवती एक वेगळं जग उभं राहतं : जेवण आधीच कापून तुकडे केलेलं, काटा-सुरी नाही, वाडगा आणि चमचा, घंटा, आपोआप उघडणारी दारं. आत सगळं सोपं. मग त्या माणसाला बाहेरच्या रस्त्यावर जमत नाही आणि लोक म्हणतात, बिचारा आंधळा, त्याला कसं जमणार.

मी कॉलेजमध्ये असताना एका अंध मित्राची लेखनिक होते. एकदा परीक्षेचा फॉर्म भरायला दोघं खिडकीवर गेलो, फॉर्म त्याच्या हातात, आणि आतल्या क्लार्कने माझ्याकडे बघून विचारलं, "यांचं नाव काय?" मित्राने स्वतःचं नाव सांगितलं. क्लार्कने परत मलाच विचारलं, "जन्मतारीख?" तिसऱ्या प्रश्नाला मित्र गप्प झाला आणि मीच सांगायला लागले. पुढे पुस्तक वाचताना मला ती खिडकी आठवली, आणि क्लार्कपेक्षा जास्त माझं ते भराभर उत्तर देणं आठवलं.

११. पुस्तकाचं नाव मराठीत कसं करणार?

मी 'आंधळी माणसं घडतात कशी' असं करीन, आणि 'आंधळी' हाच शब्द ठेवीन. अंध, दृष्टिहीन, दिव्यांग हे शब्द आपण सभ्यपणासाठी आणले, ठीक आहे, पण स्कॉट ज्या वागणुकीबद्दल बोलतात ती 'आंधळं दळतं, कुत्रं पीठ खातं' या म्हणीतली आहे. 'आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन' म्हणताना आपल्याला कोणी अंध माणूस आठवतो का? नाही, आपण स्वतःच्या फायद्याबद्दल बोलत असतो. स्ट्रासबुर्गच्या सिनगॉगाचं तेच (प्रश्न ८). तिथल्या शिल्पकाराला ज्यूंना हिणवायचं होतं आणि त्यासाठी हाताशी आलं ते आंधळेपण, एका दगडात दोघांचा अपमान.

१२. चर्चने अंधांसाठी काहीच केलं नाही का?

केलं की. फ्रान्सचा राजा नववा लुई, जो पुढे संत झाला, त्याने १२६० च्या सुमाराला पॅरिसमध्ये अंधांसाठी घर काढलं. नाव 'कॅंझ-व्हँ', म्हणजे शब्दशः पंधरा विसा! आपले आजी-आजोबा विसांत मोजायचे ना, तसंच. पंधरा विसा म्हणजे तीनशे माणसांची सोय. आज तिथे डोळ्यांचं मोठं हॉस्पिटल आहे, जागा बदलली पण नाव तेच.

पण तिथली माणसं शहरभर भीक मागत फिरायची आणि अंगावर राजाची कमळखूण लावायची, म्हणजे आश्रय आणि शिक्का एकदमच. त्याच पॅरिसमध्ये १४२५ मध्ये चार अंधांना चिलखत चढवून, हातात सोटे देऊन एका डुकराबरोबर रिंगणात सोडलं होतं. जो मारेल त्याचं डुक्कर. डुकरापेक्षा एकमेकांनाच जास्त सोटे बसत होते आणि लोक हसत होते.

आणि अंध माणसाला पाद्री होता येत नव्हतं. शरीरात व्यंग असलेल्याने वेदीपाशी जाऊ नये हा नियम बायबलच्या जुन्या करारातल्या लेवीय या पुस्तकापासूनचा.

१३. स्कॉट चमत्कार खरे मानतात का?

देवाने केले असं ते म्हणत नाहीत, आणि सगळं थोतांड होतं असंही नाही. 'मिरॅकल क्युअर्स' मधला मुद्दा असा की ताण, भीती, एकटेपणा यांचा शरीरावर परिणाम होतो, मग आशा, प्रवास, सोबत आणि विश्वास यांचाही होत असणार. माणूस आठवडाभर चालून समाधीपाशी पोचतो, आजूबाजूला त्याच्यासारखेच, त्यातल्या काहींना खरंच बरं वाटतं.

सॉल्सबरीत बिशप ऑस्मंड यांची जुनी समाधी आहे, दगडी पेटीसारखी, दोन्ही बाजूंना तीन-तीन गोल भोकं. लूळा पडलेला हात किंवा पाय त्या भोकातून आत घालायचा, जितकं संतांच्या जवळ जाता येईल तितकं. डरॅमच्या पट्टीनंतर (प्रश्न ७) ही भोकं बघितली की वाटतं त्याच धर्माने एकीकडे रेघ मारली आणि दुसरीकडे हात आत घालायला जागा ठेवली.

कँटरबरीचे आर्चबिशप थॉमस बेकेट यांचा २९ डिसेंबर ११७० ला कॅथेड्रलमध्येच खून झाला, ११७३ मध्ये संतपद मिळालं, आणि त्यांच्या रक्ताचा थेंब मिसळलेलं पाणी यात्रेकरू छोट्या कुप्यांत घरी न्यायचे. दोन भिक्षूंनी तिथल्या चमत्कारांच्या शेकड्यांनी नोंदी लिहून ठेवल्या. दृष्टी परत आल्याच्याही. ज्यांना परत आली नाही ते घरी गेले, त्यांची वही कोणी ठेवली नाही.

१४. हे वाचताना चोखोबा आठवतात. तुलना चालेल का?

आठवणारच, महाद्वारापाशी त्यांची समाधी आहे, देवळाच्या बाहेर. आणि साने गुरुजींना १९४७ च्या मे महिन्यात पंढरपूरला उपोषणाला बसावं लागलं तेव्हा कुठे दार उघडलं. पण जपून. कॅथेड्रलमधली आडभिंत पाद्री आणि सामान्य यांच्यात होती, आणि धडधाकट पुरुषाला, निदान कागदावर, पाद्री होऊन पलीकडे जाता यायचं. ज्यूंना धर्म बदलून जाता यायचं, तेही सुखाचं नसेच. जातीला हा कागदावरचासुद्धा रस्ता नाही. जवळची तुलना करायचीच तर डरॅमच्या बायका आणि प्रश्न १२ मधला वेदीपासून अडवलेला अंध माणूस, कारण तिथेही शरीर जन्मभर बरोबर असतं.

१५. मुंबईशी संबंध असलेले ते तिसरे स्कॉट कोण?

जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट, व्हिक्टोरियन काळातले आर्किटेक्ट. सॉल्सबरी कॅथेड्रलची १८६० नंतरची मोठी डागडुजी त्यांचीच. आणि मुंबई विद्यापीठाचं दीक्षान्त सभागृह आणि राजाबाई टॉवर यांचं डिझाइनही त्यांचं, लंडनमध्ये बसून केलेलं, भारतात ते कधी आलेच नाहीत.

टॉवरसाठी पैसे दिले प्रेमचंद रायचंद यांनी, नाव त्यांच्या आईचं. १८७८ मध्ये पूर्ण झाला. मुंबईत सगळे सांगतात ती गोष्ट अशी की राजाबाई जैन, सूर्यास्तानंतर जेवायचं नाही, आणि त्यांना दिसत नव्हतं, म्हणून मुलाने घंटा बांधून दिली, ऐकून वेळ कळावी. प्रश्न १० मधल्या संस्थेतही घंटा होतीच, पण ती फक्त आतल्यांसाठी. ही फोर्टात सगळ्यांना ऐकू यायची, हायकोर्टातल्या वकिलालाही आणि मैदानावर क्रिकेट खेळणाऱ्या पोरालाही.